आयएनएस विक्रमादित्य: सांगाडा फुकट, बाकी सारे विकत

सप्टेंबर २०१२ मध्ये बातमी आली की रशियाच्या उत्तरेकडील समुद्रात चाचण्या देणाऱ्या ‘विक्रमादित्य’ या भारताने घेतलेल्या जुन्या विमानवाहू नौकेचे आठपैकी सात बॉयलर निकामी झाले आहेत. नौका ताब्यात मिळण्याची तारीख तेव्हा जेमतेम तीन महिन्यांवर होती. मूळ तारीख ऑगस्ट २००८ ची. म्हणजे चार वर्षांचा उशीर आधीच पचवून झाला होता, किंमत दुपटीहून वर गेली होती आणि नौदलाची माणसे उत्तर रशियातल्या सेवेरोद्विन्स्कच्या थंडीत हाताशी जहाज येण्याची वाट पाहत होती. मग दोषारोप सुरू झाले. कोणी रशियन गोदीला नावे ठेवली, कोणी बॉयलरच्या अस्तराच्या विटा चिनी होत्या असे सांगितले (चीनने ते नाकारले), तर रशियन बाजूने बोट आपल्याकडे दाखवले: ॲस्बेस्टॉस नको, असे तुम्हीच म्हणालात.

बॉयलरचा बिघाड सुटा काढून पाहिला तर यातला प्रत्येक आरोप पटण्यासारखा वाटतो. पण २००४ चा करार, केबलचा घोळ, दरवाढ आणि विटांचा चुरा ही चार वेगळी प्रकरणे नाहीत. जुन्या जहाजाच्या पोटात काय आहे ते उघडून बघण्याआधीच त्याची किंमत आणि तारीख कागदावर आली. पुढची जवळजवळ प्रत्येक अडचण ही त्या घाईची वसुली होती, व्याजासकट.

मूळ जहाज काय होते

हे जहाज काळ्या समुद्राच्या किनाऱ्याकडच्या निकोलायेव्ह गोदीत ‘बाकू’ या नावाने बांधले गेले आणि डिसेंबर १९८७ मध्ये सोव्हिएत नौदलात आले. नंतर त्याचे नाव ‘ॲडमिरल गोर्शकोव्ह’ झाले. विमानवाहू म्हणून आपण त्याला ओळखतो, पण मूळ आराखडा अर्धा क्रूझरचा होता. पुढचा सगळा डेक शस्त्रांनी भरलेला: लांब पल्ल्याच्या जहाजविरोधी क्षेपणास्त्रांच्या बारा नळ्या, १०० मिमीच्या दोन तोफा, शिवाय विमानविरोधी क्षेपणास्त्रे. मागच्या तिरक्या डेकवरून याक-३८ जातीची, सरळ वर उठणारी आणि तशीच सरळ खाली उतरणारी विमाने चालत. त्यामुळे धावपट्टी नव्हती, स्की-जंप (विमानाला वर फेकणारा डेकचा पुढचा चढ) नव्हता, विमान पकडणाऱ्या तारा नव्हत्या. लढाऊ विमान धावत येऊन उतरेल, हे या जहाजाच्या रचनेत कुठेच धरलेले नव्हते.

१९९४ मध्ये त्याच्या बॉयलर विभागात स्फोट झाला. दुरुस्तीनंतर ते थोडा काळ चालले आणि १९९६ मध्ये सेवेतून काढले गेले. त्यानंतरची वर्षे ते उत्तरेच्या थंड पाण्यात उभे होते. धावणाऱ्या जहाजापेक्षा उभे जहाज लवकर सडते, हे गोदीतल्या कोणत्याही फोरमनला माहीत असते. नळांत पाणी साचून राहते, टाक्यांच्या तळाशी गंज धरतो, केबलचे आवरण थंडीत कडक होऊन तडकते. वरून रंग मारलेला असला की यातले काहीच दिसत नाही.

दुसरी अडचण गोदीची. सोव्हिएत संघ फुटला तेव्हा निकोलायेव्ह युक्रेनमध्ये गेले. ज्यांनी जहाज बांधले ते कारागीर, जोडणीचे साचे, कामाची सवय, सारे सीमेपलीकडे. रशियाने काम दिले ते सेवेरोद्विन्स्कच्या सेवमाश गोदीला. सेवमाश ही जगातल्या सर्वांत मोठ्या अणुपाणबुडी बांधणाऱ्या गोद्यांपैकी एक आहे. पण पाणबुडीचा गोल, जाड पोलादी नळा बांधणे आणि वीस-बावीस मजली पृष्ठनौका उकलून पुन्हा जोडणे, हे वेगवेगळ्या हातांचे काम आहे.

२० जानेवारी २००४ चा करार

भारताची गरज खरी होती, हे आधी सांगायला हवे. पहिली ‘विक्रांत’ ३१ जानेवारी १९९७ रोजी निवृत्त झाली. उरली एकटी ‘विराट’, म्हणजे ब्रिटनची जुनी ‘हर्मीस’, जी १९५९ पासून सेवेत होती आणि जिच्यावर लढाऊ विमानांपैकी फक्त सी हॅरियर उतरू शकत होते. एकच विमानवाहू असणे म्हणजे ती दुरुस्तीला गेली की एकही नसणे.

करारात सांगाडा फुकट होता. रूपांतराचे ९७.४ कोटी डॉलर, आणि सोबत १६ मिग-२९के विमाने (बारा एक-आसनी, चार दोन-आसनी) वेगळ्या किमतीला. ताबा ऑगस्ट २००८ मध्ये. कागदावर सौदा झकास दिसत होता. पश्चिमेकडून नवी विमानवाहू घ्यायची तर कोणी विकत नव्हते, स्वतः बांधायची तर अजून पहिला पोलादी पत्राही कापलेला नव्हता.

घोटाळा ‘रूपांतर’ या एका शब्दात होता. जहाजाच्या दुरुस्तीचा करार दोन प्रकारे करता येतो. एकात कामाची यादी गोठवून ठोक रक्कम ठरते. दुसऱ्यात आधी जहाज उघडून तपासतात, मग प्रत्येक प्रकारच्या कामाचा एकक दर ठरतो: एक टन पोलाद बदलण्याचा इतका, एक किलोमीटर केबल ओढण्याचा इतका. तपासणीत जे निघेल ते या दराने मोजले जाते. ठोक रक्कम नव्या बांधणीला शोभते, कारण तिथे आत काय आहे ते आपणच घालतो. जुन्या जहाजाला ठोक रक्कम लावली की अज्ञात कामाचा धोका कोणाच्या गळ्यात पडणार, एवढाच प्रश्न उरतो. आणि ज्याच्याकडे जहाज अडकलेले असते तो तो धोका आपल्या गळ्यात ठेवत नाही.

उघडून तपासणे म्हणजे किती काम, याचा अंदाज घेण्यासाठी एक आकडा पुरतो. या जहाजात सुमारे २,५०० कप्पे आहेत. एक पथक दिवसाला दहा कप्पे नीट तपासू शकले (आणि इंधनाची टाकी असेल तर आधी वायू काढून, हवा मोजून मगच आत जायचे असते), तर अडीचशे दिवस लागतात. त्यात पत्र्याची जाडी ध्वनिलहरींनी मोजायची, प्रत्येक नळ ठोकून-कापून पाहायचा, केबलची इन्सुलेशन रेझिस्टन्स (आवरण वीज किती अडवते ते) घ्यायची. म्हणजे करारावर सही करण्याआधीचे एक संपूर्ण वर्ष आणि त्याचा वेगळा खर्च. तो टळला आणि त्याच्या कितीतरी पट पुढे भरावा लागला.

केबलने घात कसा केला

पोलाद वाढले हे समजण्यासारखे आहे. झिजलेला पत्रा मोजला की निर्णय सोपा असतो. जहाजांच्या वर्गीकरण संस्था साधारण २० ते ३० टक्के जाडी गेली की पत्रा बदलायला लावतात. अंदाज सर्वांत जास्त चुकला तो केबलचा, आणि तो का चुकतो हे एकदा पाहून ठेवण्यासारखे आहे.

युद्धनौकेत केबल एकेकटी जात नाही. ती पंचवीस-पन्नासच्या जुडग्यात, ट्रेवरून, एका जलरोधक भिंतीतून दुसऱ्या भिंतीत जाते. प्रत्येक भिंतीत ती जिथून आरपार जाते तिथे ग्लँड असतो, म्हणजे पाणी आणि आग दोन्ही अडवणारे बूच. आता समजा, जुडग्यातल्या दहा केबल बदलायच्या आणि पंधरा ठेवायच्या, असे करारात लिहिले आहे. दहा ओढताच शेजारच्या पंधरांचे वीस वर्षे जुने, कडक झालेले आवरण घासून तडकते. ग्लँड फोडला की तो सगळ्यांसाठीच फुटतो. नवा बसवला की हवेच्या दाबाने पुन्हा तपासावा लागतो. शेवटी पंचवीसच्या पंचवीस बदलणे स्वस्त पडते. हेच जहाजभर झाले. थोड्याशा केबल बदलायच्या होत्या त्या जागी अखेर सुमारे २,३०० किलोमीटर नवी केबल ओढली गेली. कोलकात्याहून मुंबईला जाऊन पुढेही उरेल एवढी.

केबलचे काम इतर सगळ्यांना अडवतेही. केबल ओढून होईपर्यंत आतली छपराची पॅनेले बंद करता येत नाहीत, पॅनेले नाहीत तर कप्प्याचे रंगकाम नाही, कप्पा तयार नाही तर यंत्र बसत नाही, यंत्र नाही तर त्याची चाचणी नाही. गोदीत वेल्डर मोकळे बसलेले आणि इलेक्ट्रिशियन कमी, अशी स्थिती आली की जहाजाचा दिवस वाया जातो आणि गोदीचा खर्च चालूच राहतो.

अखेरचा हिशोब असा: २,५०० पैकी १,७५० कप्पे नव्याने बांधले गेले, सांगाड्याचे २३४ भाग बदलले किंवा वाढवले, सुमारे २,५०० टन पोलाद लागले. याला दुरुस्ती म्हणणे म्हणजे घराच्या चार भिंती ठेवून बाकी सारे नवे बांधल्यावर त्याला रंगरंगोटी म्हणण्यासारखे आहे.

दरवाढ, आणि उठून जाता न येणारा गिऱ्हाईक

२००७ मध्ये रशियाने आणखी १२० कोटी डॉलर मागितले. तोपर्यंत जहाज उकललेले होते. पुढचा शस्त्रांचा डेक कापून टाकलेला, बॉयलर बाहेर, बराच पैसा दिलेला. अशा वेळी गिऱ्हाईकापुढे दोनच वाटा असतात: वाढीव रक्कम देणे, किंवा अर्धवट कापलेल्या पोलादाच्या ढिगाऱ्यावर पाणी सोडणे. ‘विराट’ म्हातारी होत चालली होती आणि मिग विमाने तयार होत होती, त्यामुळे दुसरी वाट नावापुरतीच होती.

२००९ मध्ये कॅगने संसदेपुढे ठेवलेल्या अहवालात कडक शब्द वापरले. मर्यादित आयुष्य उरलेल्या जुन्या नौकेला आपण नव्या नौकेपेक्षा जास्त पैसे मोजत आहोत, असा त्याचा सूर होता. मार्च २०१० मध्ये पुतिन दिल्लीला आले तेव्हा सुमारे २३३ कोटी डॉलरवर तडजोड झाली आणि ताब्याची तारीख डिसेंबर २०१२ ठरली.

कॅगची टीका रास्त होती, पण तिच्यात एक दुखरी गोष्ट सुटते. ‘नवी नौका’ हा पर्याय २००४ मध्ये बाजारात ठेवलेला नव्हताच. कोचीनमध्ये नव्या ‘विक्रांत’चा कणा २८ फेब्रुवारी २००९ रोजी ठेवला गेला आणि ती नौदलात आली २ सप्टेंबर २०२२ रोजी. ‘विक्रमादित्य’ नसती तर मधली सहा वर्षे, म्हणजे २०१६ मध्ये सी हॅरियर निवृत्त झाल्यानंतरचा काळ, भारताकडे डेकवरून उडणारे एकही लढाऊ विमान उरले नसते. किंमत जास्त पडली हे खरे. पण ती जहाजाची होती तशी वेळेचीही होती, आणि करार करणाऱ्यांनी ती वेळेची किंमत म्हणून मोजली असती तर आधी तपासणीलाही वेळ काढला असता.

बॉयलर: इथे थोडे थांबू

जहाजाची ढकलशक्ती वाफेवर आहे: आठ बॉयलर, चार टर्बाइन, चार शाफ्ट, एकूण सुमारे १,८०,००० अश्वशक्ती. वाफ काढून गॅस टर्बाइन बसवावेत, हा विचार ऐकायला सोपा. पण गॅस टर्बाइनला हवा आत घेणारे आणि धूर बाहेर सोडणारे प्रचंड नळ लागतात, ते प्रत्येक डेकमधून वर न्यावे लागतात, गिअरबॉक्स बदलतात, वजनाचा तोल बदलतो. तेवढे करायचे तर नवे जहाजच बांधावे. म्हणून वाफ ठेवली, बॉयलर मात्र नवे घेतले आणि इंधन बदलले. जुने बॉयलर जड, काळे मझूत जाळत. ते तापवल्याशिवाय पंपातून जात नाही आणि काजळी भरपूर धरते. भारतीय नौदल कमी गंधकाचे हाय स्पीड डिझेल वापरते, म्हणून नवे बर्नर डिझेलचे. टाक्यांत सुमारे ८,००० टन डिझेल मावते आणि त्यावर ७,००० सागरी मैलांहून जास्त पल्ला मिळतो.

आता भट्टी. युद्धनौकेचा बॉयलर लहान जागेत प्रचंड उष्णता कोंबतो. ज्वाळेचे तापमान दीड हजार अंश सेल्सिअसच्या आसपास असते. बाजूंना पाण्याच्या नळ्या असतात त्या उष्णता पितात, पण तळ, बर्नरची भिंत आणि कोपरे यांना अग्निविटांचे अस्तर लागते. विटेच्या मागे बाहेरचे पोलादी आवरण. या दोघांमध्ये परंपरेने ॲस्बेस्टॉसचा पुठ्ठा घालत असत. लोक समजतात की ॲस्बेस्टॉस आग अडवायला असतो. आग अडवते ती वीट. ज्वाळेच्या थेट तोंडाला ॲस्बेस्टॉस टिकणारही नाही. त्याचे खरे काम गादीचे.

पोलाद प्रत्येक मीटरमागे, प्रत्येक शंभर अंशांना, साधारण १.२ मिलिमीटर पसरते. शॅमोट जातीची वीट त्याच्या निम्मीच पसरते, पण ती तापते कित्येक पट जास्त आणि आवरणाच्या आधी. म्हणजे तापताना वीट पोलादाला आतून रेटते, थंड होताना पोलाद आणि वीट वेगवेगळ्या गतीने मागे येतात. तीन मीटरच्या भिंतीत हा फरक कित्येक मिलिमीटरचा होतो. मऊ, दबणारा आणि पुन्हा फुगणारा पुठ्ठा मध्ये असेल तर तो फरक जिरतो. नसेल तर तो विटेच्या सांध्यांत जातो. वीट दाबाला भक्कम असली तरी ताण आणि वाक तिला सोसत नाहीत. आधी सांधे उघडतात, मग कडा झडतात, मग वीट सैल होऊन भट्टीत पडते, आणि तिच्या मागचे उघडे पोलाद थेट ज्वाळेला लागते. त्यात जहाज हलते, थरथरते. जमिनीवरच्या बॉयलरला हा त्रास नाही.

ॲस्बेस्टॉस नको हा भारताचा आग्रह चुकीचा म्हणता येणार नाही. त्याची धूळ फुफ्फुसात जाऊन काय करते हे सर्वांना माहीत आहे, आणि जहाजावरच्या माणसांना त्याच बंद जागेत वर्षानुवर्षे काम करायचे असते. चूक पर्याय बसवण्याच्या पद्धतीत होती. पुठ्ठा काढून त्याच्या जागी दुसरे साहित्य घातले की ते फक्त सुटे साहित्य राहत नाही, सगळे अस्तरच नवी रचना होते. विटेची जात, सांध्यातली मोकळीक, विटा धरून ठेवणाऱ्या अँकरची अंतरे, सुकवण्याची गती, हे सारे पुन्हा ठरवावे लागते आणि एका बॉयलरवर किनाऱ्यावरच पूर्ण ज्वाळेत शेकडो तास चालवून, मधे पुन्हा पुन्हा थंड करून पाहावे लागते. सिरॅमिक तंतूंच्या चटया आणि पुठ्ठे हे आज सर्वमान्य पर्याय आहेत, पण तेही जुन्या आराखड्यात नुसते कापून बसत नाहीत. दाबल्यावर किती परत फुगतात हे त्यांचे वेगळे असते.

सुकवण्याचा मुद्दा बारीक वाटतो पण तोच बहुतेक ठिकाणी नडतो. नव्या अस्तरात आणि जोडमसाल्यात पाणी असते. पहिली आग अगदी मंद, तासाला काही मोजक्या अंशांनी चढवायची, शंभर अंशांच्या पुढे थांबून वाफ निघू द्यायची, मग वर. घाईत चढवली की आतल्या आत वाफ होते आणि विटेचा पृष्ठभाग खपल्यासारखा उडतो. तारीख डोक्यावर असलेल्या गोदीत सर्वांत आधी काटछाट होते ती याच मोकळ्या दिसणाऱ्या तासांत.

मग हे आधी का दिसले नाही

कारण आधी दिसूच शकत नव्हते. गोदीत बांधलेले जहाज पूर्ण शक्तीने स्क्रू (पाण्यातला पंखा) फिरवू शकत नाही. दोरखंड तुटतील, तळ उकरला जाईल. बंदरातल्या चाचण्यांत बॉयलर पेटतात, वाफ धरतात, जनरेटर चालतात, पण भार कमीच.

समुद्रातही तसेच. वेग वाढला की लागणारी शक्ती साधारण वेगाच्या घनाच्या प्रमाणात वाढते. २९ नॉटला (नॉट म्हणजे तासाला एक सागरी मैल) जी शक्ती लागते तिच्या केवळ पाव भागात जहाज १८ नॉट चालते. म्हणजे जून २०१२ पासून समुद्रात फिरणाऱ्या ‘विक्रमादित्य’ला बहुतेक दिवस दोन-तीन बॉयलर आणि अर्धवट ज्वाळा पुरत होती. २८ जुलै २०१२ रोजी तिच्या डेकवर पहिले मिग उतरले. रडार, दळणवळण, तारा, सारे ठीक. सगळे बॉयलर पूर्ण ताकदीने चालवून कमाल वेग मागितला तेव्हा अस्तराला पहिल्यांदा त्याचे खरे तापमान दिसले, आणि ते ढासळले.

विमानवाहूसाठी हा कमाल वेग चैनीचा नाही. कॅटापल्ट (विमान पुढे फेकणारे यंत्र) नसलेल्या डेकवरून विमान स्वतःच्या इंजिनाने आणि पुढच्या १४ अंशांच्या चढावरून उडते. समोरचा वारा आणि जहाजाचा वेग यांची बेरीज जितकी जास्त तितके इंधन आणि क्षेपणास्त्रे घेऊन ते उडू शकते. नॉट कमी झाले की बॉम्ब कमी होतात.

दुरुस्तीला किती वेळ गेला याचा हिशोब लावताना नकाशा पाहावा लागतो. अस्तर उकलून पुन्हा बसवणे हे काही महिन्यांचे काम. पण सेवेरोद्विन्स्क श्वेत समुद्रावर आहे आणि तो हिवाळ्यात गोठतो. सप्टेंबरात बिघडलेल्या बॉयलरची पुन्हा पूर्ण शक्तीची चाचणी पुढच्या उन्हाळ्याशिवाय शक्य नव्हती. काही महिन्यांच्या दुरुस्तीने एक वर्ष खाल्ले. चाचण्या जुलै २०१३ मध्ये पुन्हा सुरू झाल्या आणि १६ नोव्हेंबर २०१३ रोजी, संरक्षणमंत्री ए. के. अँटनी यांच्या उपस्थितीत, नौका भारतीय नौदलात दाखल झाली. कप्तान होते सूरज बेरी. जानेवारी २०१४ मध्ये ती कारवारला पोहोचली.

हे वेळापत्रक बर्फाभोवती आखता आले असते. मे-जूनमध्ये, समुद्र मोकळा होताच पहिल्या पंधरवड्यात पूर्ण शक्तीची चाचणी, विमाने आणि रडार नंतर. मग बिघाड जूनमध्ये कळला असता आणि शरदापर्यंत दुसरी चाचणी घेता आली असती. आधी सोपे, शेवटी अवघड हा क्रम माणसाच्या स्वभावाला रुचतो. पण ज्या चाचणीत जहाज नापास होऊ शकते आणि जिला ऋतू लागतो, ती आधी घ्यायची असते.

विमाने आधी, डेक नंतर

बॉयलरच्या गोंगाटात दुसरी विसंगती झाकली गेली. मिग-२९के विमाने फेब्रुवारी २०१० मध्येच गोव्याला दाखल झाली. त्यांना उतरायला डेक मिळाला तो जवळजवळ चार वर्षांनी. त्या मधल्या काळात हमीचे महिने जमिनीवर संपत होते, आणि डेकवरच्या धक्क्याने काय मोडते हे मात्र कळत नव्हते. तारेवर उतरणे म्हणजे ताबा ठेवून केलेली आपटणी. विमान काही सेकंदांत, शंभर मीटरच्या आत थांबते आणि त्याचा झटका चाकांच्या पायांपासून इलेक्ट्रॉनिक्सच्या खणापर्यंत जातो.

२०१६ च्या कॅग अहवालात त्याचा आकडा आला: मिग-२९केची वापरयोग्यता १५.९३ ते ३७.६३ टक्के, आणि आरडी-३३एमके इंजिनांपैकी ६५ मधली ४० दोषांमुळे काढावी लागली. डेक उशिरा आल्याने इंजिनाचे दोष निर्माण झाले असे नव्हे. पण डेक वेळेवर असता तर ते हमीच्या काळात, पुरवठादार टेबलावर असताना उघड झाले असते. २०१० मध्येच आणखी २९ विमानांची ऑर्डर दिली गेली होती, पहिल्या सोळांचा डेकवरचा अनुभव हाती नसताना.

नौका आली तेव्हा स्वसंरक्षणाची क्षेपणास्त्रेही तिच्यावर नव्हती. ती कारवारला आल्यावर पुढच्या रीफिटमध्ये (गोदीतल्या दुरुस्तीत) बसली: बराक-१ क्षेपणास्त्रे आणि सोबत एके-६३० तोफा. म्हणजे पहिला काळ ती पूर्णपणे सोबतच्या जहाजांच्या भरवशावर होती. उत्तरेकडून घरी येताना युद्धनौका ‘त्रिकंद’ आणि इंधन पुरवणारी ‘दीपक’ सोबत होत्या.

एक चांगली नोंद याच डेकची आहे. ११ जानेवारी २०२० रोजी कमोडोर जयदीप मावळंकर यांनी तेजसची नौदल आवृत्ती ‘विक्रमादित्य’वर तार पकडून उतरवली. ते विमान पुढे नौदलात घेतले गेले नाही, पण डेकवर उतरणारे विमान कसे बांधायचे याचे ज्ञान त्या तारेवर कमावले गेले. पुढे एप्रिल २०२५ मध्ये भारताने २६ राफेल-एमचा करार केला.

चालवताना काय काय निघाले

जून २०१६ मध्ये कारवारला नौका दुरुस्तीत असताना सांडपाणी प्रक्रिया यंत्रणेच्या भागात विषारी वायू सुटून दोघांचा जीव गेला. अशा टाक्यांत सडलेल्या घाणीतून हायड्रोजन सल्फाइड तयार होतो. कुजक्या अंड्याचा वास सुरुवातीला येतो, पण मात्रा वाढली की नाकाची वास घेण्याची शक्तीच मरते आणि माणूस धोका टळला असे समजतो. बंद जागेत जाण्याआधी हवा मापकाने तपासणे, बाहेर एक माणूस ठेवणे आणि कोणी पडला तर श्वसनयंत्राशिवाय आत उडी न मारणे, हे तीन नियम सगळीकडे लिहिलेले असतात. अशा टाक्यांत दुसरा जीव बहुधा जातो तो तिसरा नियम मोडून. एप्रिल २०१९ मध्ये कारवार बंदरात शिरताना बॉयलर विभागात आग लागली, ती विझवताना एका अधिकाऱ्याचा मृत्यू झाला. जुलै २०२२ मध्ये पुन्हा आग लागली, तेव्हा जीवितहानी झाली नाही.

वाफेच्या जहाजात आगीचे कारण शोधताना पहिल्यांदा दोन ठिकाणी पाहतात: गरम वाफनळीच्या जवळून जाणारी इंधनाची किंवा वंगणाची नळी, आणि त्या वाफनळीवरचे लपेटण्याचे आवरण कुठे तेलाने ओले झाले आहे का. डिझेलचा बारीक फवारा उघड्या, तापलेल्या फ्लँजवर (नळीच्या जोडावर) पडला की ठिणगीची गरज नसते. म्हणून फ्लँजवर पत्र्याचे फवारारोधक कवच आणि दर पाळीत हात न लावता, नुसत्या डोळ्यांनी ओल शोधण्याची फेरी.

कारवारला एक मर्यादा आहे, जी करार करताना सहज नजरेआड होते. तिथल्या शिपलिफ्टची (जहाज पाण्याबाहेर उचलणाऱ्या यंत्रणेची) क्षमता १०,००० टन. ‘विक्रमादित्य’ ४४,५०० टनांची. तिचा तळ पाहायचा तर तिला कारवार सोडून कोचीनला किंवा मुंबईला जावे लागते. मुंबईच्या नौदल गोदीतील विमानवाहूंसाठी बांधलेल्या सुक्या गोदीचे उद्घाटन २८ सप्टेंबर २०१९ रोजी झाले, म्हणजे नौका आल्यावर जवळजवळ सहा वर्षांनी. ३० नोव्हेंबर २०२४ रोजी संरक्षण मंत्रालयाने कोचीन शिपयार्डशी तिच्या छोट्या रीफिट आणि डॉकिंगचा १,२०७.५ कोटी रुपयांचा करार केला.

नव्या ‘विक्रांत’वर चार गॅस टर्बाइन आहेत आणि भट्टी नाही, त्यामुळे अस्तराचा प्रश्न तिथे संपला. ‘विक्रमादित्य’च्या आठही भट्ट्यांत मात्र प्रत्येक दीर्घ पूर्ण-शक्तीच्या धावेनंतर, बॉयलर थंड झाला की, दिवा घेऊन आत शिरायचे असते. बर्नरच्या गळ्याभोवतीच्या विटा आधी, मग तळाचे कोपरे. सांध्यात नख शिरेल एवढी फट दिसली की मोजून नोंद, वीट बोटाने हलली की बॉयलर बंद. बाहेरून पोलादी आवरणावर रंग कुठे तपकिरी पडून फुगला आहे तेही पाहायचे. त्या डागाच्या नेमके मागे वीट गेलेली असते.